सेप्सिस : रक्तातील सूचकद्रव्ये आणि रोग्याचे भवितव्य

जबलपूर शहराच्या कांचघर वस्तीतील दोन रोगी एकाच संध्याकाळी रुग्णालयात आणले गेले, अशी कल्पना करू. दोघांनाही ताप आहे, दोघांचाही श्वास जलद चालला आहे आणि रक्तदाब बेताचा का होईना, पण टिकून आहे. एकाची पायाची जखम चिघळली आहे. दुसऱ्यास मूत्रमार्गाचा जंतुसंसर्ग झाला आहे. अतिदक्षता विभागात खाट मात्र एकच रिकामी आहे. ती कोणास द्यावी? तापमापक या प्रश्नाचे उत्तर देत नाही. ते रोग्याच्या रक्तातून मिळू शकेल काय, याचा शोध वैद्यकशास्त्र दीर्घकाळ घेत आले आहे.

जंतुसंसर्गाविरुद्ध शरीराने उभारलेला प्रतिकार जेव्हा ताळतंत्र सोडतो आणि स्वतःच्याच इंद्रियांना इजा करू लागतो, तेव्हा त्या अवस्थेस सेप्सिस म्हणतात. रक्तात जंतू सापडलेच पाहिजेत, अशी तिची अट नाही. 2017 या एका वर्षात जगात सुमारे 4 कोटी 89 लक्ष लोकांना ही अवस्था प्राप्त झाली व त्यांपैकी सुमारे 1 कोटी 10 लक्ष मृत्यू पावले, असा अंदाज 2020 मध्ये प्रसिद्ध झाला आहे.

रोग्याच्या भवितव्याची चाहूल देणाऱ्या रक्तघटकांना आपण येथे सूचकद्रव्ये म्हणू. त्यांतील सर्वांत जुने लॅक्टेट होय. 1843 मध्ये जर्मनीतील वुर्झबर्ग येथील योहान शेरर या रसायनवेत्त्याने बाळंतज्वराने मरण पावलेल्या तरुण स्त्रियांच्या रक्ताचे परीक्षण केले व त्यात त्यास लॅक्टिक आम्ल आढळले. जंतूंमुळे रोग होतो, हे तोवर सर्वमान्य झालेले नव्हते, हे लक्षात घेतले म्हणजे या निरीक्षणाचे मोल कळते.

लॅक्टेट वाढते कशाने? पेशींना प्राणवायू पुरेसा मिळेनासा झाला, की त्या साखरेचे पूर्ण ज्वलन करू शकत नाहीत आणि अर्धवट विघटनातून लॅक्टेट साचू लागते. वेगाने धावणाऱ्या मनुष्याच्या स्नायूंतही लॅक्टेट असेच वाढते; परंतु विसावा घेताच ते ओसरते. सेप्सिसमध्ये विसाव्याचा उपयोग होत नाही. शिवाय येथे कारण एकच नसते. ताणामुळे स्रवणारे अ‍ॅड्रेनलिन, प्राणवायू असतानाही, साखरेचे विघटन वाढविते. आणि लॅक्टेटचा निचरा करणारे यकृत थकलेले असते. म्हणून वाढलेले लॅक्टेट म्हणजे केवळ प्राणवायूचा तुटवडा, असे समीकरण मांडणे चुकीचे ठरेल. निरोगी मनुष्याच्या रक्तात त्याचे प्रमाण लिटरला सामान्यतः 2 मिलिमोलहून कमी असते. 2016 च्या आंतरराष्ट्रीय व्याख्येनुसार, शिरेतून पुरेसा द्रव देऊनही रक्तदाब टिकविण्यास औषध लागत असेल व लॅक्टेट 2 मिलिमोलच्या वर असेल, तर ती सेप्टिक शॉकची अवस्था होय; अशा रोग्यांत रुग्णालयातील मृत्यूचे प्रमाण शेकडा 40 हून अधिक आढळले. एका मोजणीपेक्षा काही तासांच्या अंतराने केलेल्या दोन मोजण्या अधिक बोलक्या असतात. उतरणारा आकडा आशादायक, चढणारा चिंताजनक.

सी-रिअ‍ॅक्टिव्ह प्रथिनाचा शोध 1930 मध्ये न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत टिलेट व फ्रान्सिस यांनी लावला. हे प्रथिन स्वस्तात मोजता येते, पण ते सावकाश चढते आणि शस्त्रक्रियेनंतर किंवा सांधेदुखीतही वाढते. प्रोकॅल्सिटोनिनचे महत्त्व 1993 मध्ये फ्रान्समधील संशोधकांनी दाखविले. एरवी कंठग्रंथीत कॅल्सिटोनिनचे पूर्वरूप म्हणून असणारे हे द्रव्य, जंतुसंसर्ग तीव्र झाला म्हणजे शरीरातील अनेक ऊती तयार करू लागतात. उपचार सुरू झाल्यावर चौथ्या दिवसापर्यंत ते शेकडा 80 ने उतरले नाही, तर मृत्यूचा धोका अधिक असतो, असे 2017 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतील अभ्यासात दिसले. जंतुनाशक औषध केव्हा थांबवावे, हे ठरविण्यासही त्याची मदत होते. प्रस्तुत लेखकाच्या मते त्याचा खरा उपयोग हाच आहे.

तथापि यांतील कोणतेही द्रव्य ज्योतिषी नव्हे. शंभर रोग्यांविषयी ते जे सांगते, ते समोरच्या एका रोग्याविषयी खरे ठरेलच असे नाही. आरंभी कल्पिलेल्या दोन रोग्यांपैकी ज्याचे लॅक्टेट अधिक, त्यास खाट मिळेल. पण दुसऱ्याचे रक्त काही तासांनी पुन्हा तपासणे भाग आहे.

शिवाय प्रयोगशाळा सर्वत्र नसते. 2019 मध्ये प्रसिद्ध झालेल्या दक्षिण अमेरिकेतील एका चाचणीत शॉकच्या 424 रोग्यांचे दोन गट केले होते. एका गटाचा उपचार लॅक्टेट पाहून, तर दुसऱ्याचा बोटाचे टोक पाहून करण्यात आला. बोटावर काचेची पट्टी 10 सेकंद दाबावयाची व ती काढल्यावर रंग परत येण्यास 3 सेकंदांहून अधिक वेळ लागतो काय, ते पाहावयाचे, एवढीच ती परीक्षा! अठ्ठाविसाव्या दिवसापर्यंत लॅक्टेटच्या गटात 92 व बोटाच्या गटात 74 रोगी दगावले. संख्याशास्त्राच्या रूढ कसोटीला हा फरक थोडक्यात उतरला नाही. परंतु काचेची पट्टी यंत्रापेक्षा कमी प्रतीची ठरली असेही म्हणता येत नाही.

याहून आपल्या जवळचे उदाहरण गडचिरोली जिल्ह्यातील आहे. डॉ. अभय बंग व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेने 1993 पासून तेथील खेड्यांत नवजात बालकांची पाहणी केली. गावातील प्रशिक्षित आरोग्यसेविका घरोघर जाऊन बालकांची चिन्हे नोंदवीत : दूध ओढणे मंदावले काय, रडणे क्षीण झाले काय, हातपाय लुळे पडले काय, अंग गार लागते काय, पोट फुगले किंवा उलटी झाली काय, श्वास घेताना छाती आत ओढली जाते काय, बेंबीत पू आहे काय. या सातांपैकी कोणतीही दोन एकाच वेळी दिसली, की ते बालक धोक्यात समजावे, असा निष्कर्ष पुढे नोंदींच्या विश्लेषणातून निघाला. दोन चिन्हे दिसलेली बहुतेक बालके दगावत नाहीत, हे खरे; परंतु जी दगावली त्यांच्यात ती मृत्यूच्या काही दिवस आधीच दिसली होती, आणि तेवढा अवधी औषधाला पुरतो. आरोग्यसेविका घरीच जेंटामायसिनची सुई देऊ लागल्यावर, सेप्सिस झालेल्या बालकांतील मृत्यूचे प्रमाण शेकडा 16.6 वरून 2.8 वर आले. हे आकडे 1999 मध्ये ‘लॅन्सेट’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाले.