पाचशेची नोट खरी की खोटी? नोटांच्या रचनेतच दडलेले उत्तर

रायपूर : गोल बाजारातील भाजीविक्रेत्याच्या हाती गिऱ्हाईक पाचशे रुपयांची नोट ठेवते. सुटे पैसे परत करण्यापूर्वी ती पारखण्यासाठी विक्रेत्याजवळ मोजके क्षण असतात. नोट बनावट निघाली, तर नुकसान सर्वस्वी त्याचेच होते. बँकेच्या खिडकीवर आढळलेली बनावट नोट खातेदाराला परत दिली जात नाही. तिच्यावर तसा शिक्का मारून ती जप्त होते आणि बँक पोचपावती देते. परंतु तिचे मूल्य भरून मिळत नाही. एका व्यवहारात चारपर्यंत बनावट नोटा आढळल्यास बँक पोलिसांना एकत्रित मासिक अहवाल पाठविते. पाच किंवा अधिक आढळल्यास गुन्हा नोंदविण्यासाठी तत्काळ कळवावे लागते.

नोट पारखण्याचा भार अशा रीतीने धारकावर येत असल्यामुळे, तिच्या रचनेचा मुख्य हेतूही सामान्य माणसाला ती स्वतःच्या डोळ्यांनी व बोटांनी ओळखता यावी, हाच राहिला आहे. रेषा, धागा, रंग आणि भाषा यांपैकी प्रत्येक घटकामागे एखादी जुनी फसवणूक किंवा एखादी खरी गरज उभी आहे.

सोन्याच्या पत्र्यापासून कागदी वचनापर्यंत

रायपूर परिसरात चलनाची परंपरा प्राचीन आहे. तत्कालीन रायपूर जिल्ह्यातील खैरताल व पिताईबंद येथे दक्षिण कोसलातील, सुमारे पाचव्या-सहाव्या शतकांतील सोन्याची नाणी सापडली आहेत. अतिशय पातळ पत्र्यावर एकाच बाजूने ठसा उमटवून ती घडविलेली असून गरुड, शंख व चक्र ही त्यांवरील चिन्हे आहेत. पुढे रतनपूरच्या कलचुरी राजांनी आपली नाणी पाडली. अठराव्या शतकात हा प्रदेश नागपूरकर भोसल्यांच्या अंमलाखाली आला आणि बिंबाजी भोसले यांनी रतनपूर येथून कारभार पाहिला. या काळातील व्यवहारात नागपुरी रुपया चालत असे. राजनांदगावचे राजे महंत घासीदास यांच्या नावाने रायपुरात १८७५ पासून उभे असलेले संग्रहालय या प्रदेशातील शिलालेख, मूर्ती व नाण्यांचा वारसा जपून आहे.

धातूच्या नाण्याची पारख तुलनेने सोपी होती. सराफ ते तोलून पाही, वाजवून पाही, कसोटीवर घासून पाही. नाण्याचे मोल बहुतांशी त्याच्या धातूत असे. कागदाला स्वतःचे असे मोल नसते. त्यावर छापलेल्या वचनावर विश्वास ठेवूनच तो स्वीकारावा लागतो. म्हणूनच ते वचन खऱ्या संस्थेने दिले आहे की नाही, हे कागदावरूनच कळणे आवश्यक ठरले.

१८६१ : सरकारी नोटांचा आरंभ

भारतात प्रारंभीच्या कागदी नोटा बँकांनी काढल्या. बँक ऑफ बंगाल, बँक ऑफ बॉम्बे व बँक ऑफ मद्रास या तिन्ही इलाखा बँकांच्या नोटा प्रामुख्याने मोठ्या शहरांतील व्यापाऱ्यांपुरत्या मर्यादित होत्या. १८६१ च्या कागदी चलन कायद्याने नोटा काढण्याचा अधिकार सरकारकडे घेतला. योगायोग असा, की रायपूर ज्यात समाविष्ट झाले तो मध्य प्रांतही त्याच वर्षी अस्तित्वात आला आणि नागपूर त्याची राजधानी झाली.

राणी व्हिक्टोरियाचे चित्र असलेल्या या पहिल्या सरकारी नोटा हातबनावटीच्या कागदावर एकाच बाजूने छापलेल्या होत्या. त्यांवर दोन भाषांच्या पट्ट्या होत्या. जलचिन्ह, छापील स्वाक्षरी व नोंदणी क्रमांक एवढीच सुरक्षेची साधने असल्याने थोड्याच वर्षांत बनावट नोटांचा सुळसुळाट झाला. परिणामी ही मालिका मागे घेण्यात आली आणि १८६७ पासून निराळ्या रचनेची मालिका चलनात आली. नोटेचे रूप बनावटखोरांमुळे बदलण्याची ही भारतातील पहिली ठळक घटना होय.

त्या काळी आणखी एक अडचण होती. देश चलन मंडळांत विभागलेला असून एका मंडळाची नोट कायदेशीररीत्या त्याच मंडळात वटत असे. मुंबई–कोलकाता लोहमार्गावरील रायपूरसारख्या गावच्या व्यापाऱ्याचे व्यवहार दोन्ही दिशांना चालत. त्याला हे बंधन जाचक ठरणारे होते. १९०३ ते १९११ या काळात पाच, दहा, पन्नास व शंभर रुपयांच्या नोटा टप्प्याटप्प्याने सर्वत्र ग्राह्य ठरविण्यात आल्या आणि कागदी रुपया खऱ्या अर्थाने देशभर फिरू लागला.

नाशिकची छपाई, सेवाग्रामची पार्श्वभूमी

इंग्लंडमध्ये छापून येणाऱ्या नोटा भारतात छापण्याचा प्रारंभ १९२८ मध्ये नाशिक येथील मुद्रणालयाने झाला. रिझर्व्ह बँकेची स्थापना १ एप्रिल १९३५ रोजी झाली आणि तिची पहिली नोट, पाच रुपयांची, जानेवारी १९३८ मध्ये निघाली. आज नाशिक व देवास येथील सरकारी महामंडळाच्या आणि म्हैसूर व सालबोनी येथील रिझर्व्ह बँकेच्या उपकंपनीच्या मुद्रणालयांत नोटा छापल्या जातात.

स्वातंत्र्यानंतर राजाच्या चित्राची जागा सारनाथच्या अशोकस्तंभावरील सिंहशीर्षाने घेतली. १९४९ च्या एक रुपयाच्या नोटेवर ते प्रथम झळकले. १९५३ मध्ये नोटांवर हिंदीला ठळक स्थान मिळाले, तेव्हा ‘रुपया’ या शब्दाचे हिंदी अनेकवचन काय असावे, यावरही चर्चा झाली होती. १९६० च्या दशकातील आर्थिक ओढग्रस्तीमुळे १९६७ मध्ये नोटांचे आकार लहान करण्यात आले.

नोटांच्या पाठीमागील चित्रांतून देश स्वतःची ओळख सांगू लागला. शंभर रुपयांच्या एका जुन्या नोटेवर हिराकूड धरणाचे चित्र होते. हे धरण ओडिशात असले, तरी ते ज्या महानदीवर उभे आहे ती छत्तीसगडमधील सिहावाच्या डोंगरांत उगम पावते आणि राजिम, सिरपूर या स्थळांजवळून वाहत पुढे जाते. महात्मा गांधींचे चित्र नोटेवर प्रथम १९६९ मध्ये, त्यांच्या जन्मशताब्दीनिमित्त आले. त्या नोटांवर बसलेल्या गांधीजींच्या मागे वर्ध्याजवळील सेवाग्राम आश्रम दाखविला होता. १९८७ मध्ये पाचशेच्या नोटेवर गांधीजींची प्रतिमा आली. १९९६ पासून ‘महात्मा गांधी मालिका’ सुरू झाली आणि २०१६ पासून तिचे नवे रूप चलनात आहे.

नव्या मालिकेत दहाच्या नोटेवर कोणार्कचे सूर्यमंदिर, वीसच्या नोटेवर वेरूळची लेणी, पन्नासवर हंपीचा रथ, शंभरवर पाटणची राणी की वाव, दोनशेवर सांचीचा स्तूप आणि पाचशेवर लाल किल्ला आहे.

सतरा भाषांची नोट

प्रत्येक नोटेवर हिंदी व इंग्रजी ठळकपणे असतात. याशिवाय मागील भाषापट्टीवर पंधरा भाषांत मूल्य लिहिलेले असते. इंग्रजी नावांच्या वर्णानुक्रमाने रचलेल्या या पट्टीत आसामी पहिली, उर्दू शेवटची आणि मराठी आठवी, म्हणजे बरोबर मध्यभागी आहे. मराठीसह कोकणी, नेपाळी व संस्कृत या चार भाषा तेथे देवनागरीत वाचता येतात.

राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत २२ भाषा आहेत. त्यांपैकी बोडो, डोगरी, मैथिली, मणिपुरी, संथाळी व सिंधी या सहा भाषा नोटेवर नाहीत. छत्तीसगडीला राज्य विधिमंडळाने २००७ मध्ये राजभाषेचा दर्जा दिला असला, तरी ती आठव्या अनुसूचीत नाही आणि नोटेवरही नाही. त्यामुळे छत्तीसगडी बोलणारा नागरिक नोटेवरील मूल्य हिंदीतूनच वाचतो. ज्याला कोणतीही लिपी वाचता येत नाही, त्याच्यासाठी रंग, आकार व स्पर्श हीच नोटेची भाषा ठरते.

पाहा, तिरपी करा, स्पर्श करा

पाचशेची नोट करड्या रंगाची असून ६६ बाय १५० मिलिमीटर आकाराची आहे. ती उजेडासमोर धरली असता कोऱ्या भागात गांधीजींची प्रतिमा व ‘५००’ हा आकडा जलचिन्हाच्या रूपाने दिसतो. हे चिन्ह कागद तयार होतानाच त्यात उतरते. वरून छापलेली नक्कल उजेडाशिवायही दिसत राहते. त्याच वेळी दोन्ही बाजूंना तुटक छापलेले आकृतीचे भाग जुळून पूर्ण आकडा तयार होतो.

नोट तिरपी केल्यास सुरक्षा धाग्याचा रंग हिरव्याचा निळा होतो. धाग्यावर ‘भारत’ हा शब्द व रिझर्व्ह बँकेची इंग्रजी आद्याक्षरे असतात. खालच्या उजव्या बाजूस रुपयाच्या चिन्हासह छापलेला आकडाही तसाच रंग बदलतो. साध्या रंगीत प्रतीवर हा बदल उतरत नाही. क्रमांकातील अंक डावीकडून उजवीकडे आकाराने वाढत जातात. क्रमांकात तारेचे चिन्ह असलेली नोट खरी व वैध असते. सदोष छापल्या गेलेल्या नोटांच्या जागी अशा नोटा भरल्या जातात.

स्पर्शाची परीक्षा सर्वांत सोपी आहे. गांधीजींची प्रतिमा, अशोकस्तंभ आणि दोन्ही कडांवरील तिरप्या रेषा बोटांना उठावदार लागतात. शंभरच्या नोटेवर अशा चार रेषा व त्रिकोण, दोनशेवर चार रेषा व त्यांच्यामध्ये दोन वर्तुळे, तर पाचशेवर पाच रेषा व वर्तुळ असते. ही चिन्हे मुख्यतः दृष्टिबाधित नागरिकांसाठी आहेत. मात्र नोट फार हाताळली गेल्यावर हा उठाव झिजतो आणि शंभरपेक्षा कमी मूल्याच्या नोटांवर ही खूण नसते. तेथे आकारातील अल्प फरकावर विसंबावे लागते. ही उणीव काही अंशी भरून काढण्यासाठी रिझर्व्ह बँकेने १ जानेवारी २०२० रोजी ‘मणी’ हे मोबाइल ॲप उपलब्ध केले. कॅमेऱ्यासमोर धरलेल्या नोटेचे मूल्य ते बोलून सांगते आणि त्यासाठी इंटरनेटची गरज नसते. तथापि हे ॲप केवळ मूल्य ओळखते. नोट अस्सल असल्याची खात्री ते देत नाही.

फाटलेली नोट आणि खोटी नोट

फाटलेल्या नोटेबाबत कायदा धारकाच्या बाजूने उभा राहतो. वीस रुपयांपर्यंतच्या नोटेचा निम्म्याहून अधिक भाग एकसंध असल्यास बँकेत पूर्ण मूल्य मिळते. पन्नास व त्यावरील नोटेचा ८० टक्क्यांहून अधिक सलग भाग असल्यास पूर्ण, ४० ते ८० टक्के असल्यास निम्मे मूल्य मिळते; त्याहून कमी भाग असल्यास काहीही मिळत नाही.

बनावट नोटेला मात्र असे संरक्षण नाही. नकळत हाती आलेली बनावट नोट बाळगणारा गुन्हेगार ठरत नाही. परंतु ती खोटी असल्याचे कळल्यावर दुसऱ्याच्या गळ्यात मारणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १७९ खाली गुन्हा आहे. तोटा टाळण्याच्या मोहाने नोट पुढे सरकविणारा विक्रेता फसवणूक झालेल्याच्या जागेवरून आरोपीच्या जागेवर जातो. संशयास्पद नोट स्वीकारण्यापूर्वीच गिऱ्हाइकाला परत करणे आणि स्वीकारल्यानंतर शंका आल्यास ती बँकेत दाखविणे, हेच दोन सुरक्षित मार्ग आहेत. गर्दीच्या वेळी तिन्ही परीक्षा शक्य नसल्यास नोट एकदा तिरपी करून धाग्याचा रंग पाहणे आणि कडेवरून अंगठा फिरविणे, एवढे तरी गल्ल्यात टाकण्यापूर्वी करता येते.