खडकीचा गावकरी

मुलांनो, ‘तुमचं गाव कोणतं?’ असं पाहुण्यांनी विचारलं, की तुम्ही काय सांगता? जन्मलो ते, राहतो ते, की आजोबांचं? छत्रपती संभाजीनगरच्या एका जुन्या गावकऱ्याला हे विचारलं असतं, तर त्याची पंचाईतच झाली असती!

त्याचं नाव मलिक अंबर. जन्म १५४८ च्या सुमाराचा, आफ्रिकेतल्या इथिओपियातला. लहानपणीच तो गुलाम म्हणून विकला गेला आणि बगदादमार्गे दख्खनला पोचला. इथे त्याला विकत घेतलं निजामशाहीचा वजीर चंगीझखान याने. (मंगोलांचा चंगीझखान तो वेगळा हं!) हा वजीरही एके काळी हबशी गुलामच होता. पुढे अंबर स्वतःच निजामशाहीचा कर्ताधर्ता झाला. १६१० मध्ये त्याने खडकी या खेड्याच्या जागी शहर वसवलं. तेच हे शहर.

पण गाव वसवायचं तर पाणी हवं. अंबराने काय केलं? उत्तरेच्या डोंगरांत मुरलेलं पाणी जमिनीखालच्या दगडी नहरीने, नुसत्या उताराच्या जोरावर शहरात आणलं. ना पंप, ना इंजिन! हवा खेळावी, गाळ काढता यावा म्हणून मध्ये मध्ये झरोके ठेवले. आज या नहरीचे काही भाग बुजलेत, काही फुटलेत. इतकी वर्षं जिने शहराची तहान भागवली, तिचे हे हाल बरे नव्हेत.

अंबराच्या गावावर माहितीपट काढायचा झाला तर? एका प्रकारच्या माहितीपटात निवेदक बोलतच नाही. कॅमेरा नुसता बघत राहतो. आपला कॅमेरा भडकल दरवाजापाशी लावू. मुघलांवरच्या विजयाची आठवण म्हणून अंबराने तो १६१२ मध्ये बांधला. रिक्षा, सायकली, शाळेची मुलं, सगळं टिपू. मग जवळच्या पाणचक्कीला जाऊ. ती नंतरची, पण तिथे ज्यांचा दर्गा आहे ते बाबा शाह मुसाफिरही दूर मध्य आशियातून आलेले. मुसाफिर म्हणजे प्रवासी, आणि राहिले मात्र इथेच!

अंबर १६२६ मध्ये वारला. त्याच्या मुलाने, फतेहखानाने, शहराला फतेहनगर म्हटलं; १६५३ मध्ये औरंगाबाद झालं आणि २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर. अंबराची कबर खुलताबादला आहे. वेरूळच्या सहलीला जाल तेव्हा गाव वाटेतच लागेल. बाईंना सांगून बस थोडी थांबवा.