बादलीतला साका

दिवाळीपूर्वी दिल्ली, नोएडा, गुरुग्राम या पट्ट्यात घरोघरी येणारा 20 लिटरच्या बादलीतला इमल्शन रंग झाकण उघडताच एकजिनसी दिसत असला, तरी तो पाण्यात विखुरलेल्या घन कणांचे निलंबन असतो, म्हणजेच त्यातील कण विरघळलेले नसून केवळ तरंगत ठेवलेले असतात. भिंत झाकण्याची क्षमता ज्याच्यामुळे येते तो टायटॅनियम डायऑक्साइड पाण्याच्या सुमारे चौपट जड आहे, तर भरणद्रव्य म्हणून घातलेली कॅल्शियम कार्बोनेटची, अर्थात खडूच्या जातीची, पूड पावणेतीनपट जड असते. जॉर्ज गॅब्रिएल स्टोक्स यांनी 1851 मध्ये मांडलेल्या नियमानुसार कणाचा व्यास दुप्पट झाला की खाली बसण्याचा वेग चौपट होतो आणि द्रव पातळ झाला की तो आणखी वाढतो. म्हणूनच कारखान्यात रंगाला दाटपणा आणणारी द्रव्ये घालतात. उष्णतेने मात्र हा दाटपणा कमी होतो, आणि मे-जूनमध्ये पारा 45 अंशांजवळ जाणाऱ्या दिल्लीत गच्चीवरच्या खोलीत ठेवलेल्या बादलीत साका लवकर बसणे त्यामुळे स्वाभाविकच आहे.

असा रंग वरवर ढवळला, तर पहिल्या काही लिटरांत रंग भिंतीला धरून ठेवणारे बंधकद्रव्य जास्त व रंगद्रव्य कमी येते, भिंत नीट झाकली जात नाही, आणि शेवटच्या रंगाने मारलेला भाग अधिक गडद वा निस्तेज दिसतो. झाकण उघडताच पाणी ओतण्याची घाई ही यातली सर्वांत मोठी चूक होय, कारण पातळ झालेल्या द्रवात तळाच्या गुठळ्या फुटण्याऐवजी निसटत राहतात. सपाट फळीने तळ खरवडून तो वर आणावा, अर्धा रंग दुसऱ्या बादलीत काढून उरलेल्यातील गुठळ्या मोडाव्यात, मग दोन्ही पुन्हा एकत्र करावेत आणि त्यानंतरच मापाने पाणी घालावे. ड्रिलला लावलेले पाते हे काम मिनिटांत करते, परंतु ते वेगाने किंवा पृष्ठभागाजवळ फिरवल्यास रंगात हवा कोंडते आणि भिंतीवर बुडबुड्यांचे व्रण उमटतात.

एकापेक्षा अधिक बादल्या लागणार असतील, तर प्रश्न निराळा होतो. दुकानातील यंत्र पांढऱ्या बेसमध्ये रंगछटेचे थेंब मोजून सोडते, तरीही दोन बादल्यांत सूक्ष्म फरक राहू शकतो. दिल्लीच्या लोधी कॉलनीतील सरकारी वसाहतीच्या उंच भिंतींवर 2015 नंतर जी भित्तिचित्रे साकारली, त्यांतील सलग रंगक्षेत्रांसारख्या विस्तीर्ण जागेवर दोन बादल्यांच्या रंगांमधला सांधा उन्हात तत्काळ उघडा पडतो. यासाठी सर्व बादल्या एका पिंपात एकत्र कराव्यात. पिंप उपलब्ध नसल्यास पहिली बादली संपण्यापूर्वी तिच्यात दुसरीतला रंग मिसळावा, आणि तेही न जमल्यास नवी बादली भिंतीच्या मध्यावर न उघडता कोपऱ्यापासून सुरू करावी.