दूरदर्शनवरचे कायद्याचे मास्तर

आर्थर मिलर म्हटले की माझ्यासारख्या कला शाखेच्या पदवीधराला अमेरिकन नाटककार आठवतो. येथे ज्यांची ओळख करून द्यायची ते मिलर निराळे. १९३४ साली जन्मलेले हे कायद्याचे प्राध्यापक. हार्वर्डमध्ये त्यांनी ३६ वर्षे शिकविले. विषय दिवाणी दाव्यांची कार्यपद्धती, म्हणजे रुक्षातला रुक्ष!

असा माणूस १९७९ साली बोस्टनच्या एका दूरदर्शन वाहिनीवर 'मिलर्स कोर्ट' हा कार्यक्रम घेऊन आला. पुढे 'गुड मॉर्निंग अमेरिका' या सकाळच्या कार्यक्रमातही सुमारे २० वर्षे ते सामान्य प्रेक्षकांना कायदा समजावून देत राहिले. १९८४ साली अमेरिकन राज्यघटनेवर १३ भागांची एक मालिका झाली, तिच्या सूत्रसंचालकांतही ते होते.

त्यांची हातोटी अशी की ते कलमे वाचून दाखवीत नसत. एक काल्पनिक प्रसंग मांडायचा आणि समोरच्याला विचारायचे, तू काय करशील? उत्तर आले की प्रसंगात थोडा बदल करून पुन्हा तोच प्रश्न. त्यांचा सारा कायदा जणू 'समजा' या एका शब्दावर उभा होता.

ही पद्धत आपल्याकडे किती उपयोगी पडेल, हे बँकेच्या काउंटरवर रोज जाणवते. समजा, एका बौद्ध गृहस्थांनी एक लाख रुपये मुदत ठेवीत ठेवले आणि नॉमिनी म्हणून मुलाचे नाव लावले. ते वारले. पैसे कोणाचे? दहापैकी नऊ जण म्हणतील, ज्याचे नाव त्याचे. आता समजा, घरी पत्नी आणि दोन मुली आहेत, मृत्युपत्र केलेले नाही. मग?

बँक पैसे नॉमिनीच्या हाती देते व मोकळी होते, हे खरे. पण तो मालक होत नाही. वारसांचा हक्क कायम राहतो. बँक ठेवींबाबत सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली हेच सांगितले. १९५६ चा हिंदू उत्तराधिकार कायदा बौद्धांनाही लागू आहे. त्याप्रमाणे पत्नी, मुलगा व दोन्ही मुली यांना प्रत्येकी पंचवीस हजार. समजा, त्या गृहस्थांची आई हयात आहे. मग वाटे पाच, प्रत्येकी वीस हजार. मुलींची लग्ने झाली असली तरी फरक पडत नाही. हे ऐकून किती भगिनींचे डोळे विस्फारतात! कित्येक घरांत पैसे वाटले गेल्यावर, नव्हे खर्च झाल्यावर, हे कळते.

अर्थात दूरदर्शनवरून मिळते ते सर्वसाधारण ज्ञान. एक तपशील बदलला की उत्तर बदलते, आणि हेच तर मिलर यांचे 'समजा' शिकविते. आपल्या वाहिन्यांवरील आरडाओरडीच्या चर्चांत ही सवय लागणे कठीण.

स्वतःच्या प्रकरणासाठी वकीलच हवा. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आणि सर्व स्त्रिया यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेविषयक मदत मिळू शकते. अर्ज तालुका न्यायालयातील विधी सेवा समितीकडे करावा; सोबत जातीचा दाखला न्यावा.