‘सावकारी पाश’ ते ‘दो आँखें बारह हाथ’

आपल्या हुपरीत घरोघरी चांदीचं काम चालतं. हात कामात असले तरी कान मोकळे असतात. म्हणून आज एका सिनेमावाल्याची गोष्ट सांगतो. माणूस आपल्या कोल्हापूरचा, व्ही. शांताराम. पूर्ण नाव शांताराम राजाराम वणकुद्रे, जन्म १९०१ चा.

बचत गटाच्या बायकांना सिनेमाचं काय, असं वाटेल. पण ऐका. तरुणपणी ते बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम करत शिकले. १९२५ साली बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ काढला. सिनेमाला तेव्हा आवाज नव्हता. त्यात शांतारामांनी तरुण शेतकरी केला. सावकाराच्या कर्जात त्याची जमीन जाते आणि पोटासाठी तो शहरात गिरणीकामगार होतो. देवादिकांच्या सिनेमांच्या त्या काळात कर्जदाराचं दुःख पडद्यावर आलं, ही मोठी गोष्ट.

१९२९ मध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि कुलकर्णी या पाच जणांनी मिळून कोल्हापुरात ‘प्रभात’ कंपनी काढली. १९३२ चा त्यांचा ‘अयोध्येचा राजा’ हा सुरुवातीच्या मराठी बोलपटांपैकी एक. पुढे कंपनी पुण्याला गेली.

तिथे १९३७ साली शांतारामांनी ‘कुंकू’ दिग्दर्शित केला. ‘सावकारी पाश’ची गोष्ट ज्यांची, त्याच नारायण हरी आपट्यांच्या कादंबरीवरचा. अनाथ नीराचा मामा पैशासाठी तिला म्हाताऱ्या बिजवराच्या गळ्यात बांधतो. नीरा रडत बसत नाही. हे लग्न मला मान्य नाही, असं ती सासरी राहून ठामपणे सांगते. शेवटी नवऱ्यालाच आपली चूक कळते. नीरा झाल्या होत्या शांता आपटे.

मैत्रिणींनो, हे दोन सिनेमे आम्हाला वेगळे वाटत नाहीत. घर कर्जात आलं की पहिली शाळा सुटते ती मुलीची, आणि मग ‘स्थळ चांगलं आहे, हुंडा मागत नाहीत’ म्हणून तिचं लग्न उरकायची घाई होते. गटाच्या बैठकांत आम्ही हे ऐकलंय. फेडायचं कर्ज आईबापाचं आणि किंमत मोजते पोर.

१९४२ मध्ये शांतारामांनी मुंबईत ‘राजकमल’ सुरू केलं. १९५७ च्या ‘दो आँखें बारह हाथ’मध्ये दिग्दर्शक तेच आणि जेलरही तेच. सहा खुनी कैद्यांवर विश्वास टाकून जेलर त्यांना शेतीला लावतो. या गोष्टीचं मूळ औंध संस्थानातल्या, आटपाडीजवळच्या स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगात आहे. बैलाशी झुंजीचा प्रसंग करताना शांतारामांच्या डोळ्याला जबर इजा झाली, तरी सिनेमा पुरा झाला. १९५८ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात त्याला बक्षीस मिळालं. १९८५ चा दादासाहेब फाळके पुरस्कारही शांतारामांना मिळाला. १९९० साली ते गेले.

पुढच्या बैठकीत हप्ते गोळा झाले की आपण ‘कुंकू’ बघू. लेकींनाही आणा. आणि कुणाच्या घरी अठराच्या आतल्या पोरीचं लग्न ठरत असेल, तर गप्प बसू नका. गटात बोला, नाहीतर १०९८ ला फोन लावा. फोनला पैसे पडत नाहीत.