कुठून घेतलंत, तेही लिहा!

दूधवाल्याचे खाडे आपण कॅलेंडरवर मांडून ठेवतो, ते महिनाअखेरीस वाद नको म्हणून. मैत्रिणींनो, विकिपीडियावर लिहिताना संदर्भ द्यायचा तोही अगदी ह्याचसाठी बरं का!

मराठी विकिपीडिया २००३ साली सुरू झाला. सर्वांनी मिळून लिहायचा हा ज्ञानकोश. तुम्हीआम्हीही त्यात भर घालू शकतो. पण हौसेनं चार ओळी लिहाव्यात आणि दुसऱ्या दिवशी तिथं 'संदर्भ हवा' अशी पाटी लागलेली दिसावी, किंवा ओळीच गायब व्हाव्यात, की नवी लेखिका हिरमुसते. 'मी काय खोटं लिहिलं?' असं तिला वाटतं. रागावू नका हं! वाचणाऱ्याला आपण कोण, हे ठाऊक नसतं. त्याला स्वतः पडताळून पाहता यावं, एवढंच मागणं असतं.

उदाहरणच घेऊ या. डॉ. आनंदीबाई जोशी १८८६ मध्ये अमेरिकेत डॉक्टर झाल्या आणि फेब्रुवारी १८८७ मध्ये, वयाची बावीस वर्षंही पुरी व्हायच्या आत गेल्या. आपल्यापैकी कितीजणींना त्या भेटल्या त्या श्री. ज. जोशींच्या 'आनंदी गोपाळ'मधून! पण ती १९६८ ची कादंबरी. तिच्यातले संवाद, प्रसंग लेखकानं कल्पनेनं रंगवलेले. तेव्हा शिक्षण, तारखा यांसाठी तिचा दाखला चालायचा नाही. तिथं चरित्रच हवं. कॅरोलाइन डॉल यांचं १८८८ चं इंग्रजी चरित्र आहे, काशीबाई कानिटकरांचं मराठीही आहे.

आता कृती पाहा. संपादनाच्या पट्टीवर अवतरणचिन्हाची खूण असते. वाक्य संपलं की लगेच तिथंच ती दाबा. लेखक, पुस्तक, प्रकाशक, वर्ष आणि पानाचा आकडा भरा. पान न सांगणं म्हणजे 'जिरं स्वयंपाकघरात आहे' म्हणण्यासारखंच. शोधणारीनं डबे किती उघडायचे? पुस्तक मात्र स्वतः उघडून पाहिलेलं असावं. आणि विकिपीडियाच्याच दुसऱ्या लेखाचा दाखला देऊ नये.

गावातल्या पहिल्या शिक्षिकेबद्दल आजीकडून ऐकलं असेल, तर त्या आठवणीला छापील आधार शोधा. जुनं वर्तमानपत्र, शाळेची स्मरणिका, काहीतरी हाती लागेल. बायकांच्या कामाच्या नोंदी आधीच थोड्या. आधारासकट लिहिलेली ओळ सहसा कुणी पुसत नाही. दुपारी तासभर वाचनालयात जायला मग काय हरकत आहे?