अमेरिकेचा अध्यक्ष कोण निवडतो?

७ नोव्हेंबर २००० रोजी अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत अध्यक्षपदाची निवडणूक झाली. देशभरच्या मतांची बेरीज झाली तेव्हा डेमोक्रॅटिक पक्षाचे अल गोर यांना रिपब्लिकन पक्षाच्या जॉर्ज बुश यांच्यापेक्षा पाच लाखांहून अधिक मते पडल्याचे आढळले. तरीही अध्यक्ष झाले ते बुश. फ्लोरिडा या एका राज्यात पडलेल्या सुमारे साठ लाख मतांत बुश यांना अवघी ५३७ मते अधिक होती, आणि पाच लाखांच्या आधिक्यावर या ५३७ मतांनी मात केली. हे कोडे उलगडावयाचे तर एक गोष्ट आधी ध्यानी घ्यावयास हवी. अमेरिकेत अध्यक्षाची निवडणूक एक नसते, एकाच दिवशी होणाऱ्या ५१ निवडणुका असतात : पन्नास राज्यांच्या पन्नास आणि राजधानी वॉशिंग्टनची एक.

१७८७ साली फिलाडेल्फिया येथे राज्यघटना तयार होत असताना अध्यक्ष कोणी निवडावा यावर पुष्कळ खल झाला. काँग्रेसने, म्हणजे तेथील संसदेने, निवडला तर तो तिचा मिंधा होईल. जनतेने थेट निवडला तर मोठ्या राज्यांपुढे लहान राज्यांचे काही चालणार नाही. दक्षिणेकडील राज्यांची अडचण निराळी होती आणि ती फारशी शोभादायक नव्हती. त्यांच्या लोकसंख्येत गुलामांचा भरणा मोठा, पण गुलामांना मताधिकार नव्हता. प्रतिनिधिगृहातील जागा ठरविताना गुलामांची संख्या तीनपंचमांश धरावी अशी तडजोड आधीच झाली होती. अध्यक्ष निवडणाऱ्या निर्वाचकांची संख्या त्या जागांशी जोडली गेली, आणि ज्यांना मत नाही त्यांच्या संख्येचे बळ त्यांच्या धन्यांच्या पदरी पडले. निर्वाचक-मंडळ जन्मास आले ते अशा देवघेवीतून.

गुलामगिरी गेली, मंडळ राहिले. प्रत्येक राज्याचे प्रतिनिधिगृहात आणि सीनेटमध्ये मिळून जितके सदस्य, तितके त्याचे निर्वाचक. ४३५ आणि १०० यांत राजधानीचे ३ मिळविले, जे तिला १९६१ च्या घटनादुरुस्तीने लाभले, की एकूण ५३८ होतात. बहुमतास २७० लागतात. सीनेटमध्ये लहानमोठ्या सर्व राज्यांना दोनच जागा असल्यामुळे सहा लाखांहून कमी वस्तीच्या वायोमिंगलाही ३ निर्वाचक मिळतात आणि सुमारे चार कोटी वस्तीच्या कॅलिफोर्नियाला ५४. म्हणजे एका निर्वाचकामागे तिकडे दोन लाखांहूनही कमी माणसे, तर इकडे सात लाखांवर. भारताच्या राष्ट्रपतींची निवडही निर्वाचक-मंडळ करते हे खरे. परंतु तेथे मत देतात ते निवडून आलेले खासदार व आमदार, आणि आमदाराच्या मताचे मूल्य त्याच्या राज्याच्या लोकसंख्येवरून ठरते. साम्य नावापुरतेच आहे.

खरी मेख पुढेच आहे. राज्यात ज्याला सर्वाधिक मते पडतील त्याला त्या राज्याचे सगळे निर्वाचक मिळतात, मग आधिक्य एका मताचे असो की दहा लाखांचे. हा नियम घटनेत नाही. निर्वाचक कसे नेमावेत हे घटनेने राज्यांच्या विधिमंडळांवर सोपविले आहे, आणि साउथ कॅरोलायनात तर १८६० पर्यंत विधिमंडळच त्यांना निवडीत असे. आज मेन आणि नेब्रास्का वगळता सर्व राज्यांनी हाच नियम पत्करला आहे. त्यामुळे ज्या राज्यांचा कौल आधीच ठरल्यासारखा असतो तिकडे प्रचारासाठी उमेदवार सहसा फिरकत नाहीत; त्यांची सारी धाव मोजक्या दोलायमान राज्यांकडे. २०१६ साली हिलरी क्लिंटन यांना देशभरात अठ्ठावीस लाखांहून अधिक मते जास्त पडली. पण पेनसिल्व्हेनिया, मिशिगन आणि विस्कॉन्सिन या तीन राज्यांत मिळून ऐंशी हजारांहून कमी मतांनी त्या मागे पडल्या आणि डोनाल्ड ट्रम्प विजयी झाले.

ही निवडणूक चालवितो कोण? निवडणूक आयोगाच्या देखरेखीची सवय असलेल्या भारतीयास येथे नवल वाटेल. तेथील केंद्रीय निवडणूक आयोग पाहतो तो मुख्यत्वे प्रचाराच्या पैशाचा हिशेब. मतदारयाद्या, मतपत्रिका, मोजणी हे सारे राज्यांच्या कायद्यांनुसार काउंट्या, म्हणजे जिल्हे, करतात. अध्यक्षापासून शेरीफापर्यंत आणि कित्येक ठिकाणी न्यायाधीशापर्यंत सर्वांची नावे एकाच मतपत्रिकेवर येतात. २००० साली फ्लोरिडातील एका काउंटीची मतपत्रिका इतकी घोटाळ्याची निघाली की आपले मत भलत्यालाच गेले अशी अनेकांची तक्रार होती. अन्यत्र मतपत्रिकेला छिद्र अर्धवट पडले तर ते मत धरावे की नाही यावर वाद माजला. अखेर १२ डिसेंबर रोजी सर्वोच्च न्यायालयाने फेरमोजणी थांबविली.

नोव्हेंबरात मत पडते ते कायद्याच्या दृष्टीने निर्वाचकांना. डिसेंबरात ते आपापल्या राज्यात जमून मते देतात, आणि ६ जानेवारीस काँग्रेसच्या संयुक्त बैठकीत ती मोजली जातात. सीनेटचे अध्यक्षपद उपाध्यक्षाकडे असल्यामुळे ही बैठक बहुधा तोच चालवितो. २००१ साली उपाध्यक्ष होते स्वतः गोर, आणि आपल्या पराभवाचा आकडा त्यांनाच वाचावा लागला. २०२१ साली निकाल फिरवावा म्हणून उपाध्यक्ष माइक पेन्स यांच्यावर दडपण आले आणि जमावाने संसदभवनावर हल्ला केला; पेन्स बधले नाहीत, मोजणी त्याच रात्री पुन्हा सुरू होऊन पहाटे पुरी झाली. उपाध्यक्षाचे काम केवळ औपचारिक आहे हे २०२२ च्या कायद्याने स्पष्ट केले. २०२५ च्या ६ जानेवारीस त्या आसनावर उपाध्यक्ष कमला हॅरिस होत्या. ट्रम्प यांना ३१२ आणि आपल्याला २२६ मते पडल्याचे त्यांनी सभागृहास सांगितले आणि बैठक संपली.